सांगलीचा अर्धा दिवस : नगरदर्शन, द्राक्षबाग आणि वाइनची चाखणी

अर्ध्या दिवसात एखादे शहर जाणकाराच्या सोबतीने पाहावे आणि त्याच फेरीत तेथील वाइनची चव घ्यावी, हा पर्यटनाचा प्रकार पोर्तुगालातील पोर्तो किंवा फ्रान्समधील बोर्दो यांसारख्या नगरांत जुना असला, तरी आपल्याकडे तो अलीकडच्या काळात, आणि तोही मुख्यतः नाशिकच्या आश्रयाने, रुजला आहे. कृष्णाकाठच्या मुलखात द्राक्षाची शेती नाशिकइतक्याच निष्ठेने होते. तथापि सांगलीस येणारा पाहुणा गणपतीचे दर्शन, भडंगाचा पुडा आणि परतीची गाडी एवढ्यावर समाधान मानून निघून जातो. पाहण्याजोगे येथे पुष्कळ आहे. उणीव आहे ती जे आहे ते कोणत्या क्रमाने पाहावे याची तजवीज आधी करून ठेवण्याची.

ती तजवीज ज्यांना स्वतः करावयाची आहे, म्हणजे परगावाहून किंवा परदेशाहून आलेले नातलग, मित्रमंडळी अथवा कचेरीतील पाहुणे यांना घेऊन सकाळी निघून दुपारच्या जेवणापर्यंत परतण्याचा ज्यांचा बेत आहे, त्यांच्यासाठी प्रस्तुत लेख आहे. यातील मुख्य सूचना एकच असून बाकीच्या साऱ्या तिच्या पोटात येतात : फेरीला एकच सूत्र असावे आणि सांगलीपुरते ते सूत्र द्राक्षाचे असावे. आधी शहर, मग बाजार, त्यानंतर बाग आणि सर्वांत शेवटी पेला, या क्रमाने गेल्यास, पेला हाती येईपर्यंत त्यातील रसामागे कोणाचे किती कष्ट उभे आहेत हे पाहुण्याच्या ध्यानी आलेले असते, आणि मग चाखणीस नुसत्या चैनीपलीकडचा काही अर्थ प्राप्त होतो.

सातारा की सांगली?

संस्थाने विलीन झाल्यावर १९४९ साली जुन्या सातारा जिल्ह्याचे उत्तर आणि दक्षिण असे विभाजन झाले, सांगली-मिरजेसारखी संस्थानी शहरे दक्षिण साताऱ्यात आली आणि १९६० साली त्या जिल्ह्यास सांगली हे नाव मिळाले. या जुन्या नात्यामुळे, आणि पुण्याहून खाली येणाऱ्या वाटेवर सातारा आधी लागतो यामुळेही, दोन्ही शहरे एकाच फेरीत उरकावीत असा मोह अनेकांना होतो. तो आवरावा. दोहोंमध्ये सुमारे सव्वाशे किलोमीटरचे अंतर आहे, आणि अर्ध्या दिवसातील निम्मा वेळ महामार्गावर घालवून कोणत्याही शहराची ओळख होत नसते.

साताऱ्याचा अर्धा दिवस स्वतंत्रपणे आखावा आणि त्यात वाइनचा आग्रह धरू नये, असे माझे स्पष्ट मत आहे. सकाळी अजिंक्यतारा चढून जावा. १७०० साली औरंगजेबाने वेढा घालून घेतलेला आणि पुढे ताराबाईंच्या कारकीर्दीत मराठ्यांनी परत मिळवलेला हा किल्ला, त्याच्या पायथ्याशी शाहू महाराजांनी वसविलेले शहर वरून कसे दिसते ते दाखवितो. तेथून उतरून, ज्या शाळेच्या दप्तरात ७ नोव्हेंबर १९०० रोजी भीमराव आंबेडकर यांचे नाव दाखल झाले ते प्रतापसिंह हायस्कूल पाहावे. मग कृष्णा आणि वेण्णा यांच्या संगमावरील माहुलीची देवालये पाहून, कंदी पेढ्याचा पुडा घेऊन फेरी संपवावी. ज्यांना त्या बाजूने वाइनचीच ओढ असेल त्यांनी फलटणमार्गे अकलूजकडील फ्रातेल्लीच्या द्राक्षमळ्यांचा किंवा दौंड तालुक्यातील रोटी येथील फोर सीझन्सच्या वायनरीचा बेत करावा. परंतु तो पूर्ण दिवसाचा मामला आहे, आणि शक्य तर मुक्कामाचा. अर्ध्या दिवसात शहर, बाजार, बाग आणि वायनरी यांची सांगड घालता येते ती सांगलीतच. म्हणून पुढील विवेचन सांगलीपुरते केले आहे.

ऋतू आणि दिवस

फेरीसाठी सर्वांत उत्तम काळ जानेवारीच्या मध्यापासून मार्चअखेरपर्यंतचा. आपल्या हवामानात द्राक्षवेल युरोपातल्याप्रमाणे हिवाळ्यात झोपी जात नाही. म्हणून बागाईतदार तिची वर्षातून दोनदा छाटणी करतो, उन्हाळ्यात एप्रिलच्या सुमारास खरड छाटणी आणि पाऊस ओसरल्यावर ऑक्टोबरच्या आसपास फळछाटणी. या दुसऱ्या छाटणीनंतर सुमारे चार महिन्यांनी घड पिकतात. तेव्हा जानेवारी ते मार्च या काळात बागेत घड, बेदाण्याच्या शेडवर पसरलेली द्राक्षे आणि वायनरीत आंबत असलेला रस या तिन्ही अवस्था एकाच वेळी पाहावयास मिळतात. मे महिन्यात गेल्यास छाटलेल्या वेली आणि प्रखर ऊन यापलीकडे बागेत फारसे काही हाती लागत नाही.

पावसाळ्यात, विशेषतः जुलै-ऑगस्टमध्ये, कृष्णेच्या पाण्याची वार्ता घेतल्याखेरीज निघू नये. सांगलीच्या आयर्विन पुलाजवळ ४० फूट ही इशाऱ्याची आणि ४५ फूट ही धोक्याची पातळी मानली जाते. २०१९ च्या ऑगस्टमध्ये पाणी ५७ फुटांच्या वर गेले होते आणि निम्मे शहर कित्येक दिवस पाण्यात होते. पातळी चाळिसाकडे सरकू लागली की नदीकाठच्या गावांचे रस्ते एकेक करून बंद होऊ लागतात, हे परगावच्या पाहुण्यास ठाऊक नसते; यजमानास ठाऊक असले पाहिजे.

दिवस ठरवितानाही थोडे तारतम्य हवे. संकष्टी किंवा अंगारकी चतुर्थीस गणपती मंदिरात इतकी गर्दी असते की, दर्शनातच सकाळ सरते. २६ जानेवारी, १५ ऑगस्ट आणि २ ऑक्टोबर हे मद्यविक्रीस बंदी असलेले दिवस सर्वांस माहीत असतात. परंतु निवडणुकीच्या मतदानाआधीचे आणि मतमोजणीचे दिवसही तसेच असतात, हे ऐन वेळी आठवून काही उपयोग नसतो. बेदाण्याचे सौदे रोज होत नाहीत. त्यांचे वार ठरलेले असतात आणि ते हंगामानुसार बदलतातही, म्हणून बाजार समितीत आगाऊ चौकशी करून त्या वाराभोवती फेरी बसवावी.

गाडी आणि वाटाड्या

भाड्याच्या गाड्यांचे ठराव आपल्याकडे बहुधा दोन प्रकारचे असतात : चार तास-चाळीस किलोमीटर, किंवा आठ तास-ऐंशी किलोमीटर. फेरी अर्ध्या दिवसाची म्हणून पहिला ठराव स्वस्त वाटतो. पण पलूसपर्यंत जाऊन येण्यातच साठ-सत्तर किलोमीटर मोडत असल्याने, वाढीव किलोमीटर आणि वाढीव तास यांची आकारणी होऊन तो अखेरीस महाग पडतो. दुसराच ठराव करावा, आणि थांबण्याचे पैसे, चालकाचा भत्ता व ऐंशी किलोमीटरपुढील दर या तीन बाबी आधी बोलून, जमल्यास संदेशात लिहून घ्याव्यात. स्वतःची गाडी असली तरी चालविणारा कोण हे घरातून निघतानाच ठरलेले असावे. कारण त्या दिवशी त्याच्या वाट्यास चाखणी नाही.

वाटाड्या निवडताना त्याचे पाठांतर तपासण्यापेक्षा त्याच्या ओळखीपाळखी तपासाव्यात. सनावळ्या सांगणारे पुष्कळ भेटतात. परंतु अडत दुकानात चार परक्या माणसांना घेऊन गेल्यावर अडत्याला त्याचे ओझे वाटू नये, बागेत शिरण्यापूर्वी मालकाची परवानगी घेतलेली असावी आणि औषध फवारलेल्या दिवशी पाहुण्यास बागेबाहेरच थांबवावे, एवढे व्यवहारज्ञान असलेला माणूस दुर्मीळ असतो. कृषी महाविद्यालयाचा पदवीधर, निवृत्त कृषी सहायक किंवा स्वतः बाग असलेला एखादा हौशी माणूस हे काम फार चांगले करतो. मानधन आधी ठरवावे. ओळखीच्या माणसाला संकोचाने कमी देणे हे औदार्याचे लक्षण नाही.

सकाळचा क्रम

साडेसातच्या सुमारास गणपती मंदिरापासून आरंभ करावा. १८०१ साली मिरजेपासून वेगळे होऊन सांगलीस स्वतंत्र संस्थान उभारणारे थोरले चिंतामणराव आप्पासाहेब पटवर्धन यांनी हे काळ्या दगडातील देवालय कृष्णाकाठी बांधविले, आणि पूर येणार हे जाणूनच त्याच्या पायाची उंची व भरभक्कमपणा राखला. याच चिंतामणरावांच्या आश्रयाने विष्णुदास भावे यांनी १८४३ साली ‘सीतास्वयंवर’ या नाटकाचा प्रयोग सांगलीत केला, आणि तेव्हापासून या शहरास नाट्यपंढरी हे बिरुद मिळाले. ५ नोव्हेंबर हा मराठी रंगभूमी दिन त्याचीच आठवण आहे. देवळाच्या प्रांगणात पाऊण तास पुरे. देवदर्शन फेरीच्या आरंभी ठेवण्यात औचित्याचाही भाग आहे : वाइन चाखून देवळात जाणे बहुतेक कुटुंबांत रुचणारे नाही, आणि वडीलधारी मंडळी सोबत असता तसा प्रसंग आणूही नये.

तेथून नदीकाठाने आयर्विन पुलावर यावे. १९२९ साली बांधलेला हा पूल सकाळच्या उन्हात पायी ओलांडण्याजोगा आहे. पाण्याची पातळी दाखविणाऱ्या खुणा तेथे पाहुण्यास प्रत्यक्ष दाखवाव्यात, म्हणजे महापूर म्हणजे काय याचा अंदाज शब्दांवाचून येतो. ज्यांच्याजवळ अर्धा तास अधिक आहे त्यांनी चार-पाच किलोमीटरवरील हरिपुरास जावे. कृष्णा-वारणेचा संगम, संगमेश्वराचे देवालय, नाटककार गोविंद बल्लाळ देवलांचे जन्मग्राम या तिन्ही नात्यांनी ते पाहण्याजोगे आहेच. शिवाय तेथील मातीत खणलेल्या पेवांत हळद वर्षानुवर्षे कीड न लागता टिकत असे आणि व्यापारी पेवाच्या भरवशावर हळदीचे सौदे करीत. २००५ च्या पुराने त्या पेवांची मोठी हानी केली. मिरजेचा मोह मात्र येथे आवरावा. सतारमेकर गल्लीतील तंबोऱ्यांचे भोपळे, शिकलगारी सोडून सतारी बनवू लागलेल्या घराण्यांची परंपरा, २०२४ मध्ये मिरजेच्या सतार-तंबोऱ्यास मिळालेले भौगोलिक मानांकन आणि दर्ग्याच्या आवारातील अब्दुल करीम खाँ साहेबांची समाधी यांना दुसरा अर्धा दिवस द्यावा. पाऊण तासात ते उरकणे हा त्या कलेचा अवमान होईल.

न्याहारी साडेआठच्या सुमारास आणि बेताची करावी. पुढे चाखणी आहे हे लक्षात ठेवून मिसळ, कांदाभजी आणि झणझणीत चटण्या टाळाव्यात. उपीट, थालीपीठ, इडली यांसारखे पोटभरीचे परंतु सौम्य पदार्थ घ्यावेत. रिकाम्या पोटी चाखणीस जाणे हे तिखट खाऊन जाण्याहूनही वाईट.

बाजार आणि बेदाणा

साडेनऊला वसंतदादा मार्केट यार्डात पोहोचावे. सांगलीची हळदपेठ साऱ्या देशास ठाऊक आहे. सांगलीच्या हळदीस आणि बेदाण्यास भौगोलिक मानांकनही लाभले आहे. सौद्याचा वार असेल तर अडत दुकानात कडेला उभे राहून नुसते पाहावे. पेटी फोडली जाते, खरेदीदार मूठभर बेदाणा तळहातावर पसरून बोटाने हलवितो, रंग एकसारखा आहे का, मणी भरलेला आहे का, देठ राहिला आहे का, बोटाला चिकटतो का, हे काही क्षणांत पाहून पुढच्या पेटीकडे वळतो. आणि ज्याने वर्षभर बाग सांभाळली तो शेतकरी या वेळी शेजारी उभा राहून त्या तळहाताकडे पाहत असतो. या ठिकाणी छायाचित्रे काढण्याआधी विचारावे आणि चवीसाठी पेटीत हात घालू नये.

बेदाणा कसा होतो हे वाटाड्याने येथेच सांगावे. पिकलेली द्राक्षे पोटॅशियम कार्बोनेट व डिपिंग ऑइल यांच्या द्रावणात बुडवून काढतात. त्यामुळे सालीवरील मेणाचा थर सैल होऊन पाणी लवकर उडते. मग जाळीच्या मजल्यांवर, शेडच्या सावलीत, ती साधारण दोन आठवडे वाळवितात. चार किलो द्राक्षांतून सुमारे एक किलो बेदाणा उतरतो. पिवळ्या रंगासाठी गंधकाची धुरी देतात. हिरवा व काळा हे वेगळ्या पद्धतीचे फळ होय. बाजारभाव पडले, पाऊस आला किंवा निर्यात अडली की, खाण्याची द्राक्षे बेदाण्याकडे वळतात; त्यामुळे हा जोडधंदा या भागातील बागाईतदाराचा विमाच ठरला आहे.

बाग आणि वायनरी

सव्वादहाला पलूसकडे निघावे. वाटेत द्राक्षाचे मांडव दिसू लागतात, आणि सकाळची दुसरी मुख्य भेट येथे, परवानगी घेतलेल्या एखाद्या बागेत, अर्ध्या तासासाठी ठेवावी. बहुतेक ठिकाणी खाण्याची जात असते : थॉम्पसन सीडलेस, किंवा तिच्यातूनच तासगाव तालुक्यातील बोरगावचे बागाईतदार वसंतराव आर्वे यांनी निवडलेली तास-ए-गणेश, किंवा सोनाका आणि माणिक चमन. वाइनची द्राक्षे निराळी. शिराझ, कॅबर्ने सोव्हिन्यों, शेनँ ब्लां, सोव्हिन्यों ब्लां या जातींचे मणी लहान, जाड सालीचे आणि आत बिया असलेले असतात. तोंडात टाकल्यास गर थोडा, साल व बी फार अशी तक्रार पाहुणा करतो, आणि वाटाड्याने नेमके तेथे सांगावे की, वाइनचा रंग, तुरटपणा व सुगंध यांचे भांडार त्या सालीतच आहे.

पलूसला वायनरी कशा आल्या, हा इतिहास अलीकडचा आणि बोधप्रद आहे. महाराष्ट्र शासनाने २००१ साली द्राक्षप्रक्रिया उद्योगाचे धोरण आखले, वाइनला अबकारी करात सवलत दिली आणि नाशिक जिल्ह्यातील विंचूर व सांगली जिल्ह्यातील पलूस येथे वाइन पार्क उभारण्याची योजना केली. पलूसचे ते कृष्णा व्हॅली वाइन पार्क. प्रारंभी उत्साह मोठा होता. पुढे २००८ नंतरच्या मंदीत मागणी घसरली, साठे तुंबले, करारावर लावलेल्या द्राक्षांचे भाव पडले, आणि अनेक बागाईतदारांनी वाइनच्या वेली काढून पुन्हा खाण्याची द्राक्षे लावली. नाशिकची पर्यटकांनी गजबजलेली वायनरी मनात धरून पलूसला गेल्यास म्हणूनच हिरमोड होतो. येथे कारखाना आहे असे समजून जावे. दाराशी पाटी पाहून आत शिरता येईल अशी कल्पना करू नये. किमान आठ दिवस आधी संपर्क साधून माणसे किती, येण्याची वेळ कोणती, चाखणी मिळणार की नुसते उत्पादन पाहता येणार, चाखणीचा परवाना आहे का आणि दरडोई आकार काय, हे पाच प्रश्न विचारून ठेवावेत. होकार न मिळाल्यास उत्पादन पाहण्याचा भाग वगळून, सांगलीतील परवानाधारक उपाहारगृहात नाशिक व अकलूजकडील चार बाटल्या निवडून चाखणी करावी. रस्त्याकडेला किंवा बागेत बाटली उघडणे हा गुन्हाही आहे आणि असभ्यपणाही.

आत गेल्यावर मार्गदर्शकास एवढे दाखविण्याची विनंती करावी : द्राक्षे देठापासून वेगळी करणारे यंत्र, रस दाबून काढणारे यंत्र, पोलादी टाक्या आणि तपमान राखणारी शीतव्यवस्था. पांढऱ्या वाइनसाठी रस सालीपासून लगेच वेगळा करतात. तांबड्यासाठी तो सालीसकट आंबवितात. गुलाबीसाठी सालीचा सहवास काही तासांपुरता ठेवतात. साखर ‘ब्रिक्स’ या अंशांत मोजतात आणि २२ ते २४ अंशांच्या आसपास तोडणी करतात. किण्व त्या साखरेचे मद्यार्कात रूपांतर करते आणि तयार वाइनमध्ये मद्यार्काचे प्रमाण सर्वसाधारणपणे ११ ते १४ टक्के भरते. आयुर्वेदातील द्राक्षासव ज्यांनी घरी घेतले आहे त्यांस आंबविण्याची ही क्रिया परकी वाटण्याचे कारण नाही.

चाखणीची रीत

चार किंवा पाच प्रकार, प्रत्येकी ३० मिलिलिटर, हे प्रमाण पुरेसे आहे. क्रम नेहमी हलक्याकडून जडाकडे आणि कोरड्याकडून गोडाकडे : आधी पांढरी, मग गुलाबी, नंतर तांबडी आणि असल्यास गोड वाइन शेवटी. पांढरी ८ ते १२ आणि तांबडी १६ ते १८ अंश सेल्सियसला द्यावी. आपल्याकडे ‘खोलीच्या तपमानाची’ म्हणून मार्चमध्ये तीस अंशांची तांबडी वाइन पुढे येते आणि तिच्यात मद्यार्काच्या झणक्याखेरीज काही जाणवत नाही; अशा वेळी बाटली दहा-पंधरा मिनिटे बर्फाच्या पाण्यात ठेवण्याची विनंती निःसंकोच करावी.

पेला दांडीला धरावा, म्हणजे तळहाताची ऊब आत जात नाही. तो पांढऱ्या कागदावर तिरपा धरून रंगाची कड पाहावी : कोवळ्या तांबड्या वाइनची कड जांभळट असते, जुनीची विटकरी होत जाते. मग पेला हलकेच फिरवून वास घ्यावा, पहिल्यांदा दुरून, दुसऱ्यांदा जवळून. पेरू, लिंबाची साल, हिरवी मिरची, जांभूळ, मिरी, ओला पाला, धूर, यांपैकी जे आठवेल ते बोलून दाखवावे. परदेशी पुस्तकातील फळांची नावे पाठ करून येण्याची आवश्यकता नाही, कारण ज्याने ब्लॅकबेरी कधी खाल्ली नाही त्यास जांभळाची आठवण होणे हेच प्रामाणिक आहे. घोट लहान घ्यावा, जिभेवर सर्वत्र फिरवावा आणि आम्लता, गोडी, कषायता व घशाखाली उतरल्यावर मागे उरणारी चव यांकडे क्रमाने लक्ष द्यावे. त्यानंतर तो गिळलाच पाहिजे असे नाही. थुंकण्यासाठी ठेवलेले भांडे जाणकारांसाठीच असते. दोन प्रकारांमध्ये साधे पाणी आणि पावाचा कोरडा तुकडा किंवा बिनमसाल्याचा खाकरा घ्यावा. त्या सकाळी अत्तर, पान, सुपारी आणि तंबाखू वर्ज्य समजावीत. एकाच्या अंगावरील अत्तर साऱ्या मेजावरील वाइनचा वास बुडविते.

टिपणवही सोबत असावी आणि प्रत्येक प्रकाराखाली दोन ओळी, नाव, वर्ष व आपला शेरा, तेथेच लिहाव्यात. तिसऱ्या पेल्यानंतर पहिल्याची आठवण राहत नाही.

कायदा, प्रकृती आणि हिशेब

पाच प्रकार प्रत्येकी ३० मिलिलिटर म्हणजे १५० मिलिलिटर. १२ टक्क्यांच्या हिशेबाने त्यात १८ मिलिलिटर, म्हणजे सुमारे १४ ग्रॅम शुद्ध मद्यार्क असतो. शरीरास तो जिरविण्यास साधारण दोन तास लागतात. ‘नुसती चव घेतली’ या समजुतीखाली गाडीचे चक्र हाती घेण्यास येथे वाव उरत नाही : मोटार वाहन कायद्याच्या कलम १८५ नुसार १०० मिलिलिटर रक्तात ३० मिलिग्रॅमहून अधिक मद्यार्क आढळल्यास, पहिल्याच अपराधास सहा महिन्यांपर्यंत कैद, दहा हजार रुपये दंड किंवा दोन्ही शिक्षा सांगितल्या आहेत.

महाराष्ट्रात १९४९ च्या दारूबंदी कायद्याचा अंमल अद्याप आहे आणि मद्यसेवनासाठी राज्य उत्पादन शुल्क विभागाचा परवाना लागतो. तो एक दिवसाचाही मिळतो. वयाचा दाखला म्हणून ओळखपत्र जवळ ठेवावे, आणि एकवीस पूर्ण न झालेल्या मुलामुलींना चाखणीच्या मेजाशी बसवू नये. गर्भवती स्त्रिया, यकृताचे विकार असलेले, मधुमेहाची किंवा झोपेची औषधे घेणारे आणि मेट्रोनिडाझोलसारख्या औषधाचा क्रम चालू असणारे यांनी चाखणी टाळावी. जागतिक आरोग्य संघटनेने २०२३ साली मद्याचे कोणतेही प्रमाण निर्धोक म्हणता येत नाही असे स्पष्ट केले आहे; तेव्हा वाइन हृदयास हितकारक असल्याचे सांगून कोणास प्रवृत्त करणे सोडून द्यावे.

न पिणारे पाहुणे

आपल्या पंगतीत आग्रह हा आदरातिथ्याचा भाग मानला जातो. चाखणीच्या मेजावर तो मुळीच असू नये. १ जानेवारीस संकल्प केलेले, माळ घातलेले, आजारातून उठलेले किंवा केवळ आवड नसलेले, कोणाकडेही कारण मागू नये. वाइनविषयी समाजात एकमत नाही. २०२२ च्या जानेवारीत मोठ्या किराणा दुकानांतून वाइन विकू देण्याचा निर्णय राज्य मंत्रिमंडळाने घेतला, तेव्हा शेतकऱ्याच्या फायद्याचा आणि घराघरांतील अनर्थाचा असे दोन्ही युक्तिवाद तितक्याच तळमळीने झाले. तो वाद फेरीत सोडविण्याचे कारण नाही. न पिणाऱ्यांसाठी ताज्या द्राक्षांचा रस आधीच सांगून ठेवावा आणि वास, रंग व प्रक्रिया यांच्या चर्चेत त्यांनाही सामील करावे. वास घेण्यास परवाना लागत नाही.

खरेदी आणि परतीची वाट

बाटली घ्यावयाची असल्यास पावतीसह घ्यावी, गाडीत सावलीत ठेवावी आणि घरी आडवी, अंधाऱ्या जागी ठेवावी. उघडल्यानंतर शीतकपाटात तीन-चार दिवसांत संपवावी. सांगली जिल्हा कर्नाटकाच्या हद्दीला लागून असल्याने परतीचा रस्ता सीमेपलीकडून जात असेल, तर मद्य नेण्याचे तेथील नियम आधी पाहावेत. बेदाणा घेताना देठ निघालेला, एकसारख्या रंगाचा आणि दाबल्यावर मऊ परंतु चिकट न होणारा पाहावा. फार झळझळीत पिवळ्या रंगावर भाळू नये.

एक वाजेपर्यंत वायनरीतून निघाल्यास दोनच्या आत सांगलीत जेवावयास बसता येते. फेरी आखणाऱ्यांस शेवटची विनंती एवढीच की, निघण्याच्या आठवडाभर आधी बाजार समिती, वायनरी आणि बागेचा मालक या तिघांशी स्वतः बोलून घ्यावे. त्यांपैकी एकाचाही होकार संदिग्ध असेल, तर पाहुण्यास तसे सांगून तारीख बदलावी, फेरी अर्धवट करू नये.